मस्टरबाहेरची माणसं

आमच्या कारखान्यात रोज किती माणसं काम करतात, हे खात्रीनं सांगू शकेल असा एकच माणूस होता, कँटीनचा ठेकेदार. टाइम ऑफिसात माझ्या टेबलावर कंपनीचा मस्टर असे. त्यात कायम कामगारांची नावं, तिकीट नंबर, पाळी, रजा, सगळं नीट मांडलेलं. कंत्राटी कामगारांचे मस्टर ज्या त्या ठेकेदाराकडे. भट्टीखात्याला एक ठेकेदार, लोडिंगला दुसरा, साफसफाईला तिसरा. गेटवरच्या वॉचमनची वही आणखी वेगळी. या सगळ्या वह्यांची बेरीज कधीच जुळत नसे. दुपारी कँटीनमध्ये किती ताटं वाढली गेली तो आकडा मात्र खरा, कारण त्यावर बिल निघे. तपासणीला साहेब यायचे, मस्टर बघायचे, सही करून जायचे. ताटं मोजायला कुणीही आलं नाही.

माझी सगळी नोकरी खोपोलीतल्या एका पोलाद कारखान्यात टाइमकीपर म्हणून झाली. निवृत्तीनंतर ओटीवर बसून आजूबाजूच्या पोरांचे पीएफचे दावे, ईएसआयची कार्डं, केवायसीचे घोळ अशी कामं करून देतो. हे कागद हाताळता हाताळता एक गोष्ट मनात पक्की झाली आहे आणि ती सांगण्यासाठीच हे लिहितो आहे. खालापूर आणि कर्जत या दोन तालुक्यांना कामगारांच्या अर्थकारणाचा अभ्यास करणारी स्वतःची, स्वतंत्र संस्था हवी. ती मालकांची नको, युनियनची नको, सरकारचीही नको.

लोकांना हे ऐकून नवल वाटतं. रस्ता मागा, दवाखाना मागा, पाणी मागा, संशोधन संस्था कसली मागता, असं मला एका नगरसेवकानं तोंडावर विचारलं. त्याला दिलेलं उत्तर इथे सविस्तर देतो.

खालापूर तालुक्यातलं खोपोली हे कामगारांनी घडवलेलं गाव आहे. 1915 साली टाटांचं वीजकेंद्र इथे सुरू झालं. लोणावळा, वळवण, शिरोता या तलावांचं पाणी घाटातून नळांनी खाली आणलं आणि त्या पाण्याच्या विजेवर मुंबईच्या गिरण्या फिरल्या. पुढे कागद आला, पोलादी पाइप आले, पोलाद आलं, औषधं आणि रसायनं आली. पावसाळ्यात मुंबईची मंडळी ज्या धबधब्यावर गर्दी करतात त्याचं नावसुद्धा एका पाइप कंपनीवरून पडलेलं आहे, झेनिथ. ढेकू, होनाड, सावरोली, डोणवत या पट्ट्यात आज कारखान्यांच्या भिंतीला भिंत लागलेली दिसते. पहाटेच्या कर्जत लोकलनं पळसदरी, केळवली, डोलवली, लौजी करत पहिल्या पाळीची माणसं उतरतात. शंभर वर्षांहून जुना असा हा औद्योगिक पट्टा आहे आणि त्यातल्या कामगाराला घरी नेमके किती रुपये मिळतात, त्यातले खोलीभाड्यात किती जातात, मुकादमाकडे किती फिटतात, याचा एकही विश्वासार्ह ताळेबंद कुठल्या कपाटात नाही.

माझ्याकडे येणाऱ्या एका पोराचं सांगतो. आडोशीकडचा आहे, आयटीआय झालेला. एकाच रोलिंग मशीनवर तो सलग सहा वर्षं उभा आहे. मशीन तेच, फोरमन तोच, गेट तेच. कागदावर मात्र त्याच्या तीन नोकऱ्या झाल्या, कारण ठेकेदार तीनदा बदलला. प्रत्येक बदलाला मध्ये काही दिवसांचा खाडा दाखवलेला. ग्रॅच्युइटीच्या 1972 च्या कायद्यात पाच वर्षांची सलग नोकरी लागत होती, ती त्याची कधी भरलीच नाही. पीएफचे दोन वेगळे नंबर निघाले, त्यातल्या एकावर वडिलांचं नाव चुकलेलं. पगाराची पावती मी त्याच्याकडून मागून घेतली. महिनाभर रोज गेलेला पोरगा, पावतीवर भरलेले दिवस एकोणीस. उरलेल्या दिवसांचे पैसे मिळाले होते, पण ‘इतर भत्ता’ या रकान्यात, म्हणजे त्यावर पीएफ नाही. जादा तासांचे पैसे दुप्पट दरानं द्यायचे असं 1948 च्या कारखाने कायद्याचं कलम 59 सांगत आलं. याला ते साध्या दरानं, रोख, पाकिटात मिळतात. पावतीवर ओव्हरटाइमचा रकानाच नाही.

आता या पोरानं कुठे जाऊन सांगायचं? तक्रार केली तर उद्या गेटपास बंद. युनियन कायम कामगारांची. शिवाय एकट्याची गोष्ट म्हणजे एकट्याचीच गोष्ट. समोरचा माणूस म्हणतो, अपवाद असेल. हा अपवाद आहे की ढेकूपासून सावरोलीपर्यंतचा रिवाज आहे, हे कुणीतरी शास्त्रशुद्ध पद्धतीनं, शेकडो घरांत जाऊन, विचारून, मांडून दाखवल्याशिवाय त्याच्या म्हणण्याला वजन येणार नाही. माझ्या ओटीवर येतात ते अडलेले लोक. त्यांच्यावरून सगळ्या पट्ट्याचा अंदाज बांधायचा नसतो, एवढं मलाही समजतं. म्हणून तर अभ्यासकांची गरज आहे.

आकडा बदलला की कामगाराच्या खिशातले रुपये बदलतात, याचा पुरावा मुंबईतच आहे. मुंबई सरकारनं 1921 मध्ये लेबर ऑफिस उघडलं. गिरणी कामगारांच्या घरखर्चाची पाहणी झाली, जगण्याच्या खर्चाचा निर्देशांक निघू लागला, आणि पुढे महागाई भत्ता त्या निर्देशांकाला बांधला गेला. निर्देशांक एक अंक खाली राहिला की लाखो पगारांत तूट. 1963 साली कामगार संघटना म्हणू लागल्या की मुंबईचा हा निर्देशांक मुळातच चुकीचा आहे, बाजारात भाव चढलेत आणि आकडा चढत नाही. त्यावरून बंद झाला. सरकारनं अर्थशास्त्रज्ञ डी. टी. लकडावाला यांच्या अध्यक्षतेखाली तज्ज्ञ समिती नेमली. समितीनं निर्देशांकातले दोष दाखवून दिले, आकडा वर न्यावा लागला, भत्ता वाढला. मोर्चे आधी निघाले होतेच, पण मालकांना बोलता येऊ नये अशी बाजू उभी राहिली ती अभ्यासकांनी हिशेब मांडल्यावर. आज औद्योगिक कामगारांचा निर्देशांक सिमल्याचं लेबर ब्युरो काढतं, 2016 हे पायाभूत वर्ष धरून, देशातल्या 88 केंद्रांवरून. त्यात मुंबई आहे, पुणे आहे. खोपोली नाही. एक्स्प्रेस-वे, विमानतळ आणि बंगल्यांच्या स्कीमा यांनी आमच्याकडे जागेचे भाव कुठल्या कुठे नेले. त्याचा भार शीळफाट्याला चाळीच्या एका खोलीत चौघं राहणाऱ्या बिहारी, उडिया आणि मराठवाड्यातल्या पोरांवर किती पडतो, ते कुठल्याच निर्देशांकात येत नाही.

‘सरकारकडे सगळी माहिती असते’ असं म्हणणाऱ्यांना माझं सांगणं आहे की माहिती असते, पण ती ज्या त्या कामापुरती असते. पीएफ कार्यालयाला खाती दिसतात, माणूस दिसत नाही. असंघटित कामगारांच्या ई-श्रम पोर्टलवर 2021 पासून नोंदणी झाली, पण ती माणसानं स्वतः सांगितलेली, एकदाच केलेली. केंद्राची श्रमबल पाहणी 2017 पासून नियमित होते आणि ती मोलाची आहे, पण तिचा नमुना राज्याचं चित्र उभं करायला पुरतो, खालापूर तालुक्यातल्या कंत्राटी कामगाराबद्दल तिच्यातून काही हाती लागत नाही. आणि सरकारी आकडा केव्हा बाहेर यायचा हे सरकार ठरवतं. या पाहणीचा पहिला अहवाल अडकून पडला, तेव्हा जानेवारी 2019 मध्ये राष्ट्रीय सांख्यिकी आयोगाचे पी. सी. मोहनन आणि जे. व्ही. मीनाक्षी या दोन सदस्यांनी राजीनामे दिले. बेकारीचा 6.1 टक्के हा आकडा अधिकृतपणे आला तो निवडणूक उरकल्यावर, 31 मे रोजी. त्या दोघांनी खुर्ची सोडली तेव्हा मला माझ्या धंद्यातल्या माणसांचा अभिमान वाटला. मस्टर लिहिणारा असो की देशाची आकडेवारी सांभाळणारा, लिहिलेला आकडा दाबला जाताना गप्प बसायचं नसतं.

स्वतंत्र संस्था म्हणजे काय, हे महाराष्ट्राला कुणी शिकवायला नको. 1930 साली रावबहादूर रा. रा. काळे यांच्या देणगीतून पुण्यात गोखले अर्थशास्त्र संस्था उभी राहिली आणि धनंजयराव गाडगीळ तिचे पहिले संचालक झाले. 1966 पर्यंत त्यांनी ती सांभाळली. या संस्थेनं आरंभीच्या वर्षांत काय केलं? पुण्याच्या फळबाजाराची पाहणी केली. वाई तालुक्यातल्या शेतीचा हिशेब मांडला. पुणे शहरात घरोघर जाऊन कोण काय काम करतो, किती कमावतो, किती भाडं भरतो हे विचारलं आणि त्यातून दोन खंडांचा ग्रंथ झाला. एवढा मोठा अर्थशास्त्रज्ञ, पण कामाची सुरुवात आजूबाजूच्या साध्या माणसांपासून. पुढे त्याच संस्थेच्या वि. म. दांडेकर आणि नीलकंठ रथ यांनी 1971 मध्ये देशातल्या दारिद्र्याचा अभ्यास मांडला. रोजगार हमीची कामं निघाली तेव्हा कुमुदिनी दांडेकरांनी त्या कामांवर येणाऱ्या बायकांची पाहणी केली. खडी फोडायला, माती वाहायला बायका एवढ्या मोठ्या संख्येनं येतात हे त्यातून पुस्तकात नोंदलं गेलं. वि. स. पागे यांच्या कल्पनेतून आलेली ही योजना पुढे देशाच्या कायद्याला पाया ठरली, तेव्हा अशा पाहण्यांचा उपयोग झालाच असणार.

दूरचं एक उदाहरण मला फार जवळचं वाटतं. अमेरिकेत मिशिगन राज्यात कॅलामाझू नावाचं गाव आहे. कागदाच्या गिरण्या आणि औषधाचा कारखाना यांवर वाढलेलं, म्हणजे धंद्यानं आपल्यासारखंच. तिथल्या औषध कारखान्याचा मालक डब्ल्यू. ई. अपजॉन यानं मंदीच्या काळात, 1932 मध्ये, कामावरून कमी झालेल्या माणसांसाठी एक विश्वस्त निधी काढला. त्याच निधीतून 1945 साली रोजगाराचा अभ्यास करणारी संस्था सुरू झाली. ती आजही चालू आहे आणि देशभर तिचा शब्द मानला जातो. पैसा मालकाचा होता, पण तो एकदाच, विश्वस्तांच्या हाती दिला गेला, आणि अभ्यास अभ्यासकांनी केला. एका कारखानदार गावात असं होऊ शकतं, तर खोपोलीत का होऊ नये?

इथवर मी कारखान्यांबद्दलच बोललो. या दोन तालुक्यांतला सगळ्यात अदृश्य कामगार कारखान्यात नाही, वीटभट्टीवर आहे.

आमच्या डोंगरपट्ट्यातल्या कातकरी वाड्यांत दिवाळीनंतर जाऊन बघा. घरामागून घर बंद. दाराला साखळी, नाहीतर नुसती काटकी अडकवलेली. म्हातारी माणसं मागे राहिलेली असतात आणि एखादं आजारी पोर. बाकीचं कुटुंब भट्टीवर गेलेलं. पावसाळ्यात घरात दाणा नसतो तेव्हा मुकादम उचल देतो. कुणी लग्नासाठी घेतो, कुणी दवाखान्यासाठी, कुणी नुसतं पोट भरायला. मग नवराबायकोच्या जोडीनं चिखल मळायचा, विटा पाडायच्या, हजार विटांमागे जो दर ठरेल त्यानं उचल फेडायची. आठवड्याला बाजारापुरती खर्ची मिळते. होळीला चार दिवस वाडीत यायचं, पुन्हा जायचं. जूनमध्ये हिशेब होतो. वही मुकादमाची, आकडे मुकादमाचे, वाचता येणारं दुसरं कुणी नाही. बाकी निघाली की पुढच्या सालाला त्याच भट्टीवर. वेठबिगारी बंद करणारा कायदा 1976 चा आहे. या वाड्यांत तो कितपत पोचला, हे बघायचं तर मे महिन्यात भट्टीवर जाऊन त्या वहीशेजारी बसावं लागेल.

आता पाहणी करणारा माणूस जानेवारीत वाडीत आला तर त्याला काय दिसेल? बंद घरं. तो पुढच्या गावात जाईल. ज्यांची सर्वांत जास्त चौकशी व्हायला हवी तीच माणसं नमुन्यातून गळतील. कातकरी ही केंद्रानं विशेष असुरक्षित ठरवलेल्या आदिम जमातींपैकी एक, आणि त्यांचं श्रमाचं वर्ष कुणी पुरतं लिहून ठेवलेलं नाही. ही अवस्था फक्त कातकऱ्यांची नाही. 19 जुलै 2023 च्या रात्री आमच्याच तालुक्यातल्या इर्शाळवाडीवर डोंगर कोसळला. 27 मृतदेह हाती लागले, 57 माणसं बेपत्ता राहिली, शोध थांबवावा लागला. त्या दिवसांत खाली चौक गावात याद्या होताना मी बघितल्या आहेत. कोण मजुरीला बाहेर होतं, कोण आश्रमशाळेत, कोण त्या रात्री घरात, हे नावानिशी जुळवता जुळवता लोकांचा जीव मेटाकुटीला आला होता. आपल्याच तालुक्यातली माणसं कामासाठी कुठे आणि कधी जातात, हे आधी कुणी विचारलंच नव्हतं.

म्हणून इथली पाहणी इथल्या ऋतूंप्रमाणे व्हायला हवी. एकदा श्रावणात, माणसं वाडीत असताना. एकदा फेब्रुवारीत, भट्टीवर जाऊन. कारखान्याच्या कामगारांची चौकशी गेटवर करून उपयोग नाही, तिथे कुणी तोंड उघडत नाही. ती त्यांच्या खोलीवर, सुट्टीच्या दिवशी, ठेकेदाराचा माणूस जवळपास नसताना व्हायला हवी. प्रश्न साधे ठेवावेत. ठेकेदार किती वेळा बदलला, पावती मिळते का, भरलेले दिवस आणि दाखवलेले दिवस किती, जादा तासांचा दर काय, भाडं किती, कर्ज कुणाचं, अपघात झाला तेव्हा दवाखान्याचं बिल कुणी भरलं. नाव कुणाचंही छापायचं नाही. अहवाल मराठीत काढायचा आणि तो कामगाराच्या हातात पडेल एवढा सुटसुटीत ठेवायचा.

वेळही नेमकी हीच आहे. 21 नोव्हेंबर 2025 पासून चार नव्या श्रमसंहिता लागू झाल्या. प्रत्येक कामगाराला नियुक्तिपत्र द्यायचं, ठरावीक मुदतीच्या कामगाराला एका वर्षावर ग्रॅच्युइटी, मूळ वेतन आणि भत्ते यांचं प्रमाण ठरलेलं, असं त्यांत लिहिलं आहे. त्याच वेळी कंत्राटी कामगारांच्या तरतुदी लागू व्हायला 50 कामगारांची मर्यादा आहे. ज्या ठेकेदाराकडे 49 दाखवले जातील, त्याच्याकडे खरे किती हे कोण बघणार? संहिता चांगल्या की वाईट यावर मुंबई-दिल्लीत भरपूर भांडण चालू आहे. मला एवढंच हवं आहे की वर्षभरानं कुणीतरी सावरोलीतल्या शंभर खोल्यांचे दरवाजे ठोठावून विचारावं, नियुक्तिपत्र आलं का, दाखवा.

पैशाचं काय, हा प्रश्न येणारच. 2013 च्या कंपनी कायद्यानं मोठ्या कंपन्यांना नफ्याच्या दोन टक्के समाजकार्यावर खर्च करायला लावले. त्यातून आमच्याकडे बसथांबे झाले, बाकडी झाली, वह्यांचं वाटप झालं, झाडं लागली. वाईट काहीच नाही. पण या पट्ट्यातल्या कंपन्यांनी एकदाच मिळून एक ठेव उभी करावी आणि कायद्यात ती कशी बसवायची हे त्यांच्याच सल्लागारांनी शोधावं. अट एकच, पण कडक हवी : देणगीदारानं अहवाल छापण्याआधी बघायचा नाही. युनियननंही नाही, आमदारांनीही नाही. खोपोली आणि कर्जतच्या महाविद्यालयांत अर्थशास्त्र शिकणारी मुलं आहेत. त्यातल्या कित्येकांचे बाप याच कारखान्यांत कंत्राटी आहेत. त्यांच्या हातात पाहणीचे कागद द्यावेत, पद्धत शिकवायला पुण्याहून माणसं बोलवावीत. नमुना कसा काढायचा, बंद घराचं काय करायचं, हे शास्त्र आहे आणि ते शिकता येतं.

मालकांना भीती वाटते की आकडे बाहेर आले तर बदनामी होईल. जो ठेकेदार पीएफ भरतो, दुप्पट दर देतो, त्याला आज दुसरा ठेकेदार दर पाडून कामातून उठवतो. प्रामाणिक माणसाचं सर्वांत जास्त नुकसान अंधारातच होतं. युनियनमधले माझे जुने मित्र म्हणतात, आम्हाला सगळं ठाऊक आहे, अभ्यास कशाला. तुम्हाला ठाऊक असेल, पण वाटाघाटीच्या टेबलावर ‘सगळ्यांना ठाऊक आहे’ याला किंमत नसते, हे तुम्ही माझ्यासमोर कितीदा अनुभवलं आहे.

संस्था उभी राहायला वेळ लागेल. तोवर एक काम प्रत्येक कामगाराला आजच करता येईल. पगाराची पावती फेकू नका. गेटपास, ईएसआयचं कार्ड, ठेकेदारानं दिलेली साधी चिठ्ठीसुद्धा तारीख टाकून एका पिशवीत ठेवा. भरलेले दिवस आणि जादा तास घरच्या कॅलेंडरवर रोज लिहा. भट्टीवर जाणाऱ्या कुटुंबातल्या शाळेत शिकलेल्या पोरीनं उचल आणि खर्ची आपल्या वहीत वेगळी मांडावी. उद्या कुणी प्रामाणिकपणे विचारायला दारात आलं, तर तुमच्याकडे दाखवायला तुमचा स्वतःचा मस्टर असला पाहिजे.